पोच

अर्जाला पोच मिळाली होती.
निळा गोल शिक्का, आत तारीख, तारखेवर
आवक कारकुनाची शेंगदाण्याएवढी सही.
मी ती प्लास्टिकच्या पिशवीत घातली, पिशवी डब्यात,
डबा तांदळाच्या पिंपावर. खारी हवा कागद खाते,
हे आमच्यात शाळा न बघितलेल्यालाही कळतं.

पाचवी ते आठवी. एवढंच मागितलं होतं.
जागा नजीर होडेकरांची, आठ गुंठे कातळ,
जिथे काजूसुद्धा नाखुशीने येतो.
चिरे वाडीने डोक्यावरून आणले.
पत्रे लिलावाच्या पैशातून: टोपलीमागे दोन रुपये,
दोन हंगाम, वही माझ्याकडे आहे.
यादीत पहिलं नाव दुर्वा डोर्लेकर, इयत्ता पाचवी.

मग मी विचारायला जात राहिले.
"फाइल वर गेलीय."
वर म्हणजे कुठे?
कारकुनाने पंख्याकडे पाहिलं.

नाही म्हणाले असते तर भांडलो असतो.
हो म्हणाले असते तर घंटा टांगली असती,
ती आणूनही ठेवली होती, पितळेची, राजापुरातून.
पण गप्प बसलेल्याशी भांडायचं कसं?
भरती आणि सुकतीच्या मधे पाणी थबकतं तसं.
खाडीत ते पाव तास थबकतं.
आमचं चौथं वर्ष चालू होतं.

वकील मृदुला नाचणकर म्हणाल्या,
"परमादेश मागू. पण ऐका हं,
कोर्ट तुम्हाला शाळा देणार नाही.
कोर्ट त्यांना तोंड उघडायला लावेल."
मला तेवढंही पुष्कळ वाटलं.

पहाटेची एसटी, अणुस्कुऱ्याची वळणं, पिशवीत लिंबू.
कोल्हापुरात आमचा नंबर त्रेसष्ट.
साडेचार तास बाकावर, चार मिनिटं उभ्याने.
"निर्णय झाला का?"
"विचाराधीन आहे."
"कधीपासून?"
सरकारी वकील पानं उलटू लागले,
बराच वेळ नुसता पानांचाच आवाज.
"सहा आठवडे. काय ते ठरवा आणि कारणासकट लेखी द्या."
होच म्हणा, असं नव्हे. काय ते म्हणा.

एकेचाळिसाव्या दिवशी लिफाफा आला.
नाही.
"प्रस्तावित ठिकाणापासून दोन किलोमीटरच्या आत
शाळा उपलब्ध असल्याने."
कुणीतरी नकाशावर पट्टी ठेवली होती.
पट्टीखाली खाडी होती.
रस्त्याने पुलावरून एकोणीस किलोमीटर,
हनीफ वस्ताच्या तरीने वीस मिनिटं,
तीही वारा मानवला तर,
आणि जूनपासून नारळीपुनवेपर्यंत तर ओढून वर ठेवलेली.
पत्र मी जेटीवर वाचून दाखवलं.
सुलभामावशी बांगडे निवडता निवडता म्हणाली,
"यांना कसली पोच नाय बघ."

खरं सांगते, मला आत कुठेतरी बरं वाटलं.
नकाराला आता सही होती, जावक क्रमांक होता,
कारण होतं, आणि कारण चूक होतं.
फोनवर वकीलबाई हसल्याच,
"आता धरायला काहीतरी आलं."

दुसऱ्या याचिकेची यादी दुर्वाने लिहिली.
ती मावशीकडे राहून शिकते, पलीकडे, सुट्टीला आलेली.
यंदा आठवी झाली. आमची शाळा असती
तर तिथून आता बाहेर पडली असती.
स्वतःचं नाव तिने घातलं नाही.
तिसऱ्या ओळीत धाकट्या भावाचं घातलं,
अक्षर सुरेख, खाडाखोड नाही.

प्रतिज्ञापत्रात लिहायचं म्हणून खाडी मोजायला गेलो.
हनीफने दोरीला शिसं बांधून मधोमध सोडलं,
ओली दोरी हातांनी मोजत वर ओढली:
"साडेतीन वाव."
वकीलबाईंनी फोनवर विचारलं, वाव म्हणजे किती?
मला मीटरमध्ये सांगता येईना.
दुर्वा म्हणाली, थांब, फोटो पाठव त्यांना,
आणि डुलत्या तरीत उभी राहून
तिने दोन्ही हात पसरले,
जेवढे पसरतील तेवढे.